रेव्हिटची तयार लायब्ररी विकत घेताना झालेली फसवणूक

गेल्या वर्षी आमच्या नाशिकच्या छोट्या कार्यालयाने रेव्हिट या इमारतींचे आराखडे करण्याच्या सॉफ्टवेअरसाठी दारे, खिडक्या आणि सॅनिटरी सामान यांच्या तीन हजार फॅमिलींचा (मापे बदलून वापरता येणाऱ्या वस्तूंच्या फाइलींचा) तयार संग्रह साडेनऊ हजार रुपयांना विकत घेतला. विक्रेत्याने व्हिडिओ कॉलवर सात-आठ वस्तू उघडून दाखवल्या, त्या निर्दोष होत्या, आणि भारतीय मापांचा संग्रह आयता मिळतो आहे या समाधानात आम्ही आमच्या पसंतीची एकही फाइल न मागता यूपीआयने पूर्ण रक्कम भरली.

निम्म्याहून अधिक फाइली उघडेनात, कारण त्या २०२३च्या आवृत्तीत जतन केलेल्या होत्या आणि आमच्याकडे २०२१ची होती. ‘जुन्या आवृत्तीत करून पाठवतो,’ असे विक्रेता म्हणाला. रेव्हिटमध्ये नव्या आवृत्तीतली फाइल जुनीत जतन करताच येत नाही, हे ठाऊक असूनही मी त्याला तिथेच अडवले नाही, याचे मला आजही वाईट वाटते.

ज्या फाइली उघडत होत्या त्यांतले एक दार आम्ही एका इमारतीच्या सात शौचालयांना लावले. रुंदी ९०० मिमीवरून ७५० केली, तेव्हा शेड्यूलमध्ये, म्हणजे दारांच्या मापांच्या तक्त्यात, ७५० आले. भिंतीतली मोकळी जागा मात्र ९००च राहिली आणि घाईत ते कोणाच्याच लक्षात आले नाही. गवंड्याने प्लॅनवरून ९००ची जागा सोडली, सुताराने शेड्यूलवरून ७५०च्या चौकटी आणल्या, आणि सातही ठिकाणी बाजूचे बांधकाम पुन्हा करावे लागले.

नंतर मी ते दार फॅमिली एडिटरमध्ये उघडले. झडपेवर क्लिक करताच चौकटीसकट सगळे दार एकच ‘इम्पोर्ट सिम्बॉल’ म्हणून निवडले गेले. म्हणजे कुठलेसे तयार त्रिमितीय चित्र आत आणून बसवले होते आणि रुंदीचा पॅरामीटर (माप बदलण्याचा रकाना) कशालाच जोडलेला नव्हता. वॉशबेसिनांची तऱ्हा वेगळी होती. त्यांची नावे बदललेली होती, पण यूआरएलच्या रकान्यात मूळ उत्पादक कंपनीचा पत्ता तसाच होता, आणि त्या कंपनीच्या संकेतस्थळावर त्याच फाइली विनामूल्य मिळत होत्या.

पैसे परत मागितल्यावर आमचा क्रमांक ब्लॉक झाला. १९३० या सायबर हेल्पलाइनवर तक्रार नोंदवली आहे. रक्कम अद्याप मिळालेली नाही. असा संग्रह घेणार असाल तर पैसे देण्यापूर्वी कोणत्याही दहा फाइली स्वतः निवडून मागवा, आपल्याच आवृत्तीत उघडा, प्रत्येकीची रुंदी आणि उंची बदलून ‘अप्लाय’ करा, आणि आकार, भिंतीतली जागा व शेड्यूल ही तिन्ही एकत्र बदलतात का ते पाहा.

आमच्या सर्व्हरवर आता तपासलेल्या फॅमिलींचा फोल्डर वेगळा आहे आणि त्यात भर घालण्याची परवानगी एकाच व्यक्तीकडे आहे. विकत घेतलेल्या तीन हजारांपैकी आजवर एकसष्ट फाइली त्या फोल्डरपर्यंत पोहोचल्या आहेत.