ड्रेपरीच्या दुकानाचा अनुभव: पगड्या उत्तम, अंगरखे तपासून घ्यावेत

पेशवेकालीन लघुपटाच्या वेशभूषेसाठी आम्ही पुण्यातील एका ड्रेपरीवाल्यांकडून १२ नऊवारी, ६ अंगरखे आणि ४ पगड्या भाड्याने घेतल्या. पगड्यांची बांधणी इतकी रेखीव होती की, कॅमेरा अगदी जवळ नेला तरी त्यांत कुठेही खोट दिसली नाही. मात्र दोन अंगरख्यांना बंदांऐवजी टिचबटणे लावलेली निघाली आणि चित्रीकरणाच्या आदल्या रात्री ती उसवून मला स्वतःलाच बंद शिवावे लागले. रंगमंचावर खपून जाणारी ही तडजोड पडद्यावर तत्काळ उघडी पडते. कोल्हापूरच्या भानू अथय्या यांनी १९८३ मध्ये वेशभूषेचे ऑस्कर मिळवून ज्या कामाची प्रतिष्ठा वाढवली, त्यात येऊ इच्छिणाऱ्या नवोदितांनी भाड्याचा प्रत्येक कपडा उलटा करून त्याची शिवण पाहावी. दुकानाचे भाडे वाजवी आहे आणि नऊवारी स्वच्छ धुतलेल्या मिळतात.