दाराच्या फटी बुजवणारा आणि माझे साडेसोळा हजार

गोरेगावला आम्ही पाचव्या मजल्यावर राहतो. हॉलची बाल्कनी पश्चिमेला, त्यामुळे जुलैमध्ये पावसाची झड थेट काचेवर येते. त्याची सवय झालेली आहे. गेल्या वर्षी भर पडली ती धुळीची. शेजारची बिल्डिंग रिडेव्हलपमेंटला गेली, तोडकाम सुरू झालं आणि सकाळी पुसलेल्या टीपॉयवर दुपारी बोटाने नाव लिहिता येईल इतका थर बसायला लागला. सासूबाईंना दमा. त्या जुन्या सुती साडीची घट्ट गुंडाळी करून मुख्य दाराखाली सारायच्या. चिपळूणच्या घरी असंच करत. येणाऱ्या-जाणाऱ्यांसमोर मला ते गबाळं वाटायचं. म्हणजे फसायला मी तयारच बसले होते म्हणा.

मेअखेरचा शनिवार. बेल वाजली. इस्त्रीचा शर्ट, गळ्यात ओळखपत्र, हातात मोजपट्टी आणि रबराच्या नमुन्यांची पिशवी. "ताई, सेक्रेटरी साहेबांनी सगळ्या विंगना दाखवायला सांगितलंय. डोअर सीलिंग. धूळ, डास, झुरळ, पाऊस, सगळं बंद. एसीचं बिल अर्ध्यावर येतं." बी विंगमधल्या एका फ्लॅटचा नंबरही सांगितला, तिथे काल काम झालं म्हणून. त्या फ्लॅटला इंटरकॉम करायला मला अर्धा मिनिट लागला असता. केला नाही.

पुढे त्याने जे केलं ते नीट वाचा, कारण मी अजून त्याच्या हुशारीवर जळते. पिशवीतून अगरबत्ती काढली. म्हणाला, "घर पॅक करून टेस्ट घेऊ." सगळ्या खिडक्या लावल्या. मग, "सोल्यूशनला वास येतो, किचनचा एक्झॉस्ट चालू करा ना ताई." सोल्यूशनची बाटली अजून पिशवीतच होती, पण ते माझ्या डोक्यात आलं नाही. पेटलेली अगरबत्ती त्याने मुख्य दाराच्या कडेला धरली. धूर सरळ वर जायचा सोडून आडवा होऊन हॉलमध्ये सुसाट पळाला. बाल्कनीच्या स्लायडिंगपाशी तेच. सासूबाई म्हणाल्या, "अगं बाई, एवढी हवा येते?" मीही अवाक.

सगळं चिकटवून झाल्यावर पुन्हा अगरबत्ती. तेवढ्यात, "तो एक्झॉस्ट बंद करा आजी, बोललेलं ऐकू येत नाही." धूर देवघरातल्यासारखा सरळ वर. आम्ही दोघींनी समाधानाने मान डोलावली.

एक्झॉस्ट घरातली हवा बाहेर फेकतो, आणि खिडक्या बंद असल्या की तेवढीच हवा जिथून मिळेल तिथून आत ओढली जाते. कुठल्याही घरात, कितीही चांगल्या दाराशी, त्या वेळी धूर आडवा होणारच. पंखा बंद केल्यावर पट्टी न लावताही तो सरळ झाला असता. अगरबत्तीची परीक्षा खोटी नाही. फटी शोधायला ती उत्तम आहे. पण आधी आणि नंतर पंखा, एक्झॉस्ट, खिडक्या सगळं जसंच्या तसं हवं. त्याने माझ्या डोळ्यांदेखत परीक्षाच बदलली आणि बटण दोन्ही वेळा आमच्याच हातून दाबून घेतलं.

आता हिशेब. भाव ११० रुपये रनिंग फूट. मुख्य दार ३ बाय ७, चारी बाजूंनी २० फूट. ड्राय बाल्कनीचं दार अडीच बाय ७, १९ फूट. स्लायडिंग ६ बाय ७, मधल्या जोडासकट ३३. एकूण ७२. बिलात १४४ फूट, कारण "आतून-बाहेरून डबल". बाहेरून त्याने एक इंचही लावली नव्हती, आणि मी बघायलाही गेले नाही. शिवाय दाराखालच्या दोन पट्ट्या, प्रत्येकी ९००. १७,६४० झाले. मी घासाघीस करून १६,५०० वर आणले आणि संध्याकाळी नवऱ्याला मोठ्या तोऱ्यात सांगितलं. पैसे यूपीआयने दिले. स्क्रीनवर दुकानाऐवजी कुणा तिसऱ्याच माणसाचं नाव आलं. "पार्टनरचा अकाउंट आहे ताई."

जाता जाता म्हणाला, "आजींसाठी बाथरूमच्या दाराखाली एक पट्टी फ्री." त्या फुकटच्या पट्टीबद्दल पुढे सांगते.

जूनच्या दुसऱ्या आठवड्यात पाऊस लागला. नमुना म्हणून त्याने दाखवलं होतं ते काळं, दाबलं की पुन्हा फुगणारं ईपीडीएम रबर. लावलेला होता साधा करडा फोम, स्पंजसारखा. स्लायडिंगवरचा फोम तर पहिल्या चार-पाच वेळा पल्ला सरकवला तेव्हाच सोलून निघाला. सरकत्या पल्ल्यावर अशी टेप टिकतच नाही, ती घासली जाते. मुख्य दारावर फोम जाड झाला, त्यात दमटपणाने लाकूड फुगलं, आणि लॅच बसवायला खांद्याने रेटा द्यावा लागायला लागला.

खरी गंमत बाल्कनीची. इतकी वर्षं पाऊस कितीही आडवा आला तरी हॉलमध्ये फार तर चार थेंब यायचे. या वेळी एका रात्रीत सोफ्याखाली तळं. स्लायडिंगचा खालचा ट्रॅक काठोकाठ भरून आत सांडत होता. अ‍ॅल्युमिनियमवाल्या मिस्त्रींना बोलावलं. ते उकिडवे बसले, बाहेरच्या बाजूने बोट फिरवलं आणि हसले. ट्रॅकला बाहेरून छोटी लांबट भोकं असतात. आत आलेलं पाणी त्यातून बाहेर जावं म्हणून ती मुद्दाम ठेवलेली असतात. आमच्या पाहुण्याने तीही 'फट' समजून सिलिकॉनने बुजवली होती. मिस्त्रींनी स्क्रूड्रायव्हरने तीन भोकं मोकळी केली आणि पाणी धारेने खाली गेलं. तुमच्याकडे कुणीही स्लायडिंगचं काम करून गेलं तर एक तांब्या पाणी ट्रॅकमध्ये ओता आणि ते बाहेर जातंय का बघा.

मिस्त्रींनीच सांगितलं की स्लायडिंगला लागते ती वुलपाइल, म्हणजे खाचेत बसणारी केसाळ पट्टी. आमची झिजून टक्कल पडली होती. ती बदलायला दोन तास आणि जुजबी पैसे.

आता बाथरूम. आमचा गॅस गिझर बाथरूमच्या आतच आहे. तो तिथे नसावा हे मला आता कळतं. घर घेतलं तेव्हापासून होता. पावसाची झड नको म्हणून सासूबाई आंघोळीच्या वेळी खिडकीच्या काचा लावून घेतात. दाराखालची फट हीच काय ती हवेची वाट, आणि तीच पट्टीने बंद. एके सकाळी त्या बाहेर आल्या त्या भिंत धरून. डोकं जड, मळमळ. आम्ही बीपी तपासलं, लिंबूपाणी दिलं. दोन दिवसांनी पुन्हा तेच. योगायोगाने त्याच आठवड्यात गिझरचा मेकॅनिक सर्व्हिसिंगला आला. ज्योत निळी हवी ती पिवळी बघून त्याने आधी खिडकी उघडली, मग दाराखाली पाहिलं आणि ती पट्टी पायाने ओरबाडून काढली. हवा कमी पडली की गॅस नीट जळत नाही आणि कार्बन मोनॉक्साइड तयार होतो. त्याला वास नाही, रंग नाही. बंद बाथरूममध्ये माणूस बेशुद्ध होऊन तिथेच जाऊ शकतो. साडेसोळा हजारांपेक्षा मला त्या फुकटच्या पट्टीचा राग जास्त आहे. गॅस जळतो त्या खोलीची फट, जाळी, झरोका कुणालाही बंद करू देऊ नका. गिझर आम्ही आता काढला; इलेक्ट्रिक बसवला.

त्या माणसाला फोन केला तर पहिल्यांदा म्हणाला, "ऊन पडलं की बसेल." दुसऱ्यांदा उचलला नाही. तिसऱ्यांदा नंबर बंद. सेक्रेटरींनी कुणालाच पाठवलं नव्हतं. वॉचमनच्या वहीत 'कुरिअर' अशी नोंद. बी विंगमधला फ्लॅट दोन वर्षांपासून कुलूपबंद.

मग बिल काढून बसले. छापील, रंगीत, वर जीएसटी नंबर. नवरा म्हणाला मोज. जीएसटी नंबर १५ अक्षरा-आकड्यांचा असतो, महाराष्ट्राचा २७ ने सुरू होतो. आमचा २७ ने सुरू होत होता, पण मोजल्यावर १४ च निघाले. पोर्टलवर टाकून बघायला मोबाइल पुरतो, पैसे देण्याआधी. एका नातेवाइकाने १९३० ला फोन करायला सांगितलं. पण ती हेल्पलाइन सायबर फसवणुकीची, आणि मी तर काम करून घेऊन राजीखुशीने पैसे दिलेले. ग्राहक हेल्पलाइन १९१५. तिथे तक्रार नोंदवली आहे, पोलिसांकडे अर्जही दिला आहे. ग्राहक आयोगात दोन वर्षांच्या आत जाता येतं आणि ५ लाखांपर्यंतच्या व्यवहाराला फी नाही, पण नोटीस पाठवायला पत्ता लागतो. बिलावरच्या पत्त्यावर नवरा जाऊन आला. त्या गाळ्यात दळणाची गिरणी आहे.

स्टेशनबाहेरच्या हार्डवेअरवाल्याकडे तोच फोम मिळाला, ५ मीटरचा रोल १३० रुपयांना. ७२ फुटांना पाच रोल, ६५० रुपये. आम्ही तो घेतला नाही. मुख्य दाराला रबराची पट्टी नवऱ्याने रविवारी लावली. रात्री दिवे बंद करून मी पॅसेजमधून टॉर्च फिरवत होते आणि तो आत बसून उजेड दिसेल तिथे खडूने खूण करत होता. मग दारात कागद धरून दार लावायचं आणि ओढायचा. सहज निघाला तर तिथे रबर कमी पडतंय, फाटला तर जास्त. बिजागरीच्या बाजूला फट कमी, लॅचच्या बाजूला जास्त, म्हणून दोन जाडीच्या पट्ट्या लागल्या. त्या माणसाने एकाच जाडीचा फोम चारी बाजूंना फिरवला होता, हेही तेव्हाच कळलं.

दाराखाली तूर्त सासूबाईंच्या साडीची गुंडाळी परत आली आहे. दोन्ही टोकांना मी बंद शिवून ती दारालाच बांधली, म्हणजे दार उघडलं तरी सरकत नाही. चौकटीवर जुन्या फोमचा चिकट गोंद मात्र अजून आहे आणि त्यावर शेजारची सगळी धूळ येऊन बसते. खोबरेल तेल चोळून, तासाभराने जुन्या एटीएम कार्डाने खरवडलं की वीतभर निघतो. रोज संध्याकाळी थोडा थोडा काढते.