नोकिया ११०० वरचा साप: बोर्ड पास, बटणं नापास

आधीच सांगून टाकतो, बोलायला म्हणून हा फोन मी घेतलेला नाही. बोलायला खिशात दुसरा आहे. हा घेतला तो फक्त सापासाठी, म्हणजे यातल्या स्नेक या गेमसाठी. तेव्हा रेंज कशी, आवाज कसा हे बघायला कुणी आलं असेल तर एवढंच सांगतो की फोन टूजीवर चालतो, जिओचं सिम यात चालणार नाही, आणि बाकीच्या कंपनीचं जाड कार्डाच्या चौकटीत बसवलं की कॉल लागतो. झालं.

जुने फोन दुरुस्त करून विकणाऱ्या एका साइटवर निळा ११०० दिसला. 'ओरिजनल, रिफर्बिश्ड', १,४५० रुपये, जाड पिनचा चार्जर सोबत. पाच दिवसांत इचलकरंजीत पोचला. खोका उघडून फोन हातात घेतला आणि काहीतरी कमी वाटलं. मी सायझिंगमध्ये, म्हणजे सुताला खळ लावायच्या कारखान्यात, हिशेब लिहितो. आमच्या ऑफिसात सुताचे नमुने तोलायचा काटा आहे. त्यावर फोन ठेवला. ७९ ग्रॅम. हा फोन ८६ ग्रॅमचा. सात ग्रॅम वाटेत सांडले म्हणायचे!

मग स्टार हॅश शून्य सहा हॅश दाबलं. स्क्रीनवरचा आयएमईआय, म्हणजे प्रत्येक फोनचा स्वतःचा नंबर, वेगळा, बॅटरीखालच्या स्टिकरवरचा वेगळा. म्हणजे आतला बोर्ड जुना आणि वरचं कव्हर, बटणं, स्टिकर सगळं डुप्लिकेट. साइटवाल्यांना फोन केला तर पलीकडची मुलगी म्हणाली, "सर, ओरिजनल म्हणजे आतून ओरिजनल." यावर काय बोलणार? तिचंही खोटं नव्हतं.

कारण आतला माल खरोखर खणखणीत निघाला. स्नेक टू उघडलं, टॉप स्कोअरमध्ये गेलो, तर तिथे १,१४८. कुणीतरी आधीच्या मालकाने मेहनतीने केलेला. बोर्डाला कुणी हात लावलेला नाही, याला याहून चांगली पावती नाही. कोण असेल तो माणूस, कुठल्या एसटी स्टँडवर बसून खेळला असेल, याचा विचार करत मी पाच मिनिटं गेमच सुरू केला नाही.

गेम जसाच्या तसा आहे. ९६ गुणिले ६५ ठिपक्यांचा हिरवा पडदा आणि त्यावर काळा साप. खाणं जवळ आलं की आ वासतो, गिळलं की तेवढ्या जागी पोट फुगतं आणि तो फुगवटा तिथेच राहतो. मधेच एखादा किडा येतो, बाजूला आकडे उतरायला लागतात, आणि त्या किड्याच्या नादात माणूस स्वतःच्या शेपटीवर जाऊन आदळतो. चक्रव्यूह न लावता खेळलं तर उजवीकडून बाहेर पडलेला साप डावीकडून आत येतो. पहिल्या सापाला ही सोय नव्हती, तो भिंतीला लागला की संपला. तो पहिला साप फिनलंडच्या तानेली अरमांतो या नोकियाच्या इंजिनिअरने १९९७ च्या ६११० साठी लिहिला होता, आणि दोन फोन समोरासमोर धरून इन्फ्रारेडवर दोघांना मिळून खेळता यायचा. आमच्यापर्यंत तो सहा वर्षांनी, २००३ च्या ११०० मधून आला. तोही टॉर्चच्या पाठीवर बसून.

टॉर्चचं सांगायलाच हवं. ११०० जगभरात पंचवीस कोटींवर खपला म्हणतात. आमच्या गल्लीत तो खपला लोडशेडिंगमुळे. लाइट गेली की माग एकदम बंद. ज्या गावात खडखडाटाशिवाय झोप येत नाही, तिथे अचानक शांतता. अण्णा रात्रपाळीला असले तर मागाखालून तुटलेला धागा शोधायला सी बटण दाबून टॉर्च लावायचे. दुपारी ते झोपलेले असताना फोन त्यांच्या उशाशी असायचा आणि मी शाळेतून आल्यावर तो हळूच काढायचो. पंख्याविना घामाघूम, अंधाऱ्या खोलीत तेवढा हिरवा चौकोन. बॅटरी उतरली की शिव्या मला. आठचं बटण घासून गुळगुळीत झालं, त्याच्याही शिव्या मला.

आणि नेमकी इथेच या रिफर्बिश्ड फोनची गोची आहे. साप चालतो दोन, चार, सहा, आठवर. बाकीची बटणं नसली तरी चालेल. ११०० ची बटणं म्हणजे रबराचा एकच अखंड पत्रा, धूळ आत जाऊ नये म्हणून केलेला. मूळ रबर मऊ असतं. अंगठा नुसता कलला तरी खालची टिकली 'टिक' करते. या डुप्लिकेट रबराला दाबावं लागतं, नुसतं कलून भागत नाही. पाचव्या लेव्हलपर्यंत खपून जातं. सातव्याला साप वळायच्या आत पुढे गेलेला असतो. पहिल्या दिवशी मला वाटलं, आपलंच वय झालं. अंगठाही नंतरची इतकी वर्षं स्क्रीनवर घासून बिघडलाय अशी मनाची समजूत घातली.

मग माळ्यावरून अण्णांचा बंद पडलेला ११०० काढला. बोर्ड गेलेला, गंज चढलेला, पण बटणांचा पत्रा शाबूत. मागचं कव्हर सरकवायचं, पुढचं ओढून काढायचं, पत्रा उचलून दुसऱ्यात ठेवायचा. स्क्रूड्रायव्हरही लागला नाही. आठवर आकडा दिसत नाही, नुसता चकचकीत खळगा आहे. अंगठा बरोब्बर त्यात बसला. त्या रात्री आठव्या लेव्हलला ६३२. ज्याने कुणी १,१४८ केले त्याला दंडवत.

स्पेस इम्पॅक्ट प्लस हा दुसरा गेमही आहे यात. मला तेव्हा जमला नाही, आता जमत नाही. त्याबद्दल मत द्यायचा मला अधिकार नाही.

'एवढ्या उचापती कशाला, नवा कीपॅड फोन घे की' असं मित्र म्हणाला. तो प्रयोग झालाय. एका कंपनीचा नवाकोरा रंगीत कीपॅड फोन गेल्या वर्षी आणला होता. त्यात साप आहे, पण थोडा वेळ खेळला की 'पूर्ण गेमसाठी मेसेज पाठवा, पैसे कापले जातील'. सापाला नाक्यावर टोल! मोबाइलवरचे फुकटचे साप तर विचारूच नका, मेला की आधी जाहिरात बघा आणि मग जिवंत व्हा. आणि काचेवर बोट ओढून साप वळवणं म्हणजे पाटावर बसून सायकल चालवण्यासारखं आहे, पायाखाली काही लागतच नाही.

तर माझं मत असं. घरात कुठेतरी जुना बंद ११०० पडला असेल तर हा घ्या, बोर्ड यांचा आणि बटणं तुमची. बॅटरीची काळजी नको, बीएल-फाइव्ह-सी अजून मिळते, बाजारातल्या कितीतरी रेडिओ-स्पीकरमध्ये तीच बसते. जुना फोन नसेल तर मात्र १,४५० जास्त आहेत. हजाराच्या आत पाडून मागा, आणि आल्याबरोबर आयएमईआय ताडून बघा. पाचपैकी तीन तारे. अण्णांचा पत्रा बसवल्यावर साडेचार, पण ते तारे साइटवाल्यांचे नाहीत.

एक राहिलं. तेव्हा मला कधीकधी मेनूत 'कंटिन्यू' दिसायचं, म्हणजे कुणीतरी गेम अर्धवट सोडलेला. मी दाबायचो, आणि पडदाभर पसरलेला लांबलचक साप दोन सेकंदांत मारून टाकायचो. मला वाटायचं, अण्णा खेळत असावेत. विचारायची हिंमत नव्हती. परवा संध्याकाळी हा फोन ओट्यावर दिसला, कुकरशेजारी. उचलला, गेममध्ये गेलो, तर 'कंटिन्यू'. सवयीने दाबलं. साप इतका लांब की तोंड कुठलं तेच कळेना. गेला.

आतून आईचा आवाज आला, "मारलास ना? तेव्हाही तूच मारायचास."