घरातला एकांत: बाथरूम, रात्र की पहाट?

घरात बायको-पोरं, आईवडील सगळे असले की स्वतःचा असा अर्धा तास मिळणं किती अवघड असतं ते बाप्यांनाच विचारा. मी तिन्ही करून बघितलंय.

सोपं म्हणजे बाथरूम, कडी लावली की झालं. मोबाईल घेऊन वीस-पंचवीस मिनिटं बसायचो, पायाला मुंग्या यायच्या तरी उठवत नसे आणि मग बाहेरून "अहो, झालं का?" कमोडवर इतका वेळ बसलं की खालच्या शिरांवर ताण येतो, मूळव्याधीला आमंत्रणच ते. हा पर्याय सोडाच.

रात्र मात्र खरंच गोड असते. सगळे झोपलेत, फ्रिजची घरघर तेवढी ऐकू येतेय, कोणी काही मागत नाहीये. पण थांबायचं कधी हेच कळत नाही, अकराचा एक कधी होतो पत्ता लागत नाही. त्यात स्क्रीनच्या उजेडाने मेलाटोनिन, म्हणजे झोप आणणारं संप्रेरक, कमी होतं, म्हणजे पडल्यावरही झोप येत नाही, आणि मोठ्या माणसाला किमान ७ तास तरी झोप लागतेच. सकाळी त्याची चिडचिड पोरांवर निघायची, हे मला फार लागलं.

म्हणून माझं मत पहाटेला. उठल्यावर थोडा वेळ डोकं जड असतं, ते जाऊ द्या. मोबाईल दुसऱ्या खोलीत चार्जिंगला ठेवायचा आणि नुसतं खिडकीशी बसायचं. पहिले चार दिवस जाम बेचैन होतं, पण त्यात तुमचं काही चुकत नाहीये. २०१४ साली 'सायन्स' या विज्ञानाच्या नियतकालिकात एक प्रयोग छापून आला होता, लोकांना १५ मिनिटं रिकाम्या खोलीत एकटं बसवलं, सोबत फक्त विजेचा सौम्य झटका घ्यायचं बटण, तर १८ पैकी १२ पुरुषांनी स्वतःलाच झटका दिला, बायकांमध्ये २४ पैकी ६. म्हणजे गप्प बसणं आपल्याला जास्तच जड जातं, सवयीने जमतं पण.

बाळ पाचलाच उठत असेल किंवा शिफ्ट ड्युटी असेल तर रात्रच घ्या, फक्त झोपायचा अलार्म लावून.

आणि बायकोला सांगून घ्या हो, चोरून नको. मी सांगितलं तर ती लगेच म्हणाली, मग संध्याकाळी सात ते साडेसात माझा. तेव्हापासून त्या वेळात तिची खोली बंद असते आणि पोरं माझ्याकडे.