स्मिता पाटीलच्या 'उंबरठा'ची डीव्हीडी घेतली, त्याबद्दल थोडंसं

आईसाठी ऑनलाइन मागवली, पॅकिंग ठीक होतं पण प्रिंट अगदीच फिकी, रात्रीचे सीन तर काळेच दिसतात आणि सबटायटल्स नाहीत त्यामुळे माझ्या अमराठी वहिनीला कळेना. तरी सांगते, घ्याच. १९८२ चा जब्बार पटेलांचा पिक्चर, आणि स्मिताची ती सुलभा... महिलाश्रमातून घरी परत येते तेव्हाचे तिचे डोळे बघून आई न बोलता नुसती बसून राहिली. मुंबई दूरदर्शनवर बातम्या वाचणारी ही मुलगी, जेमतेम दहा-बारा वर्षं सिनेमात, त्यात 'भूमिका' आणि 'चक्र'साठी दोन राष्ट्रीय पुरस्कार, आणि १९८६ ला एकतिसाव्या वर्षी गेली, अजून पचत नाही हो. आवाज मात्र स्वच्छ आहे, गाणी छान ऐकू येतात. चार स्टार, एक प्रिंटसाठी कापला.