उंच, बुटकं की फांद्यांचं? घरच्या बागेसाठी कुठलं सूर्यफूल निवडाल

'सूर्यफूल लावायचंय, कुठलं बी आणू?' असं कुणी विचारलं की मी आधी उलट विचारते: फूल बघायचंय की बी खायचीय? आणि जमीन आहे की कुंडी? निम्मा निकाल तिथेच लागतो. नाव एकच असलं तरी सूर्यफुलाच्या जाती-जातींच्या स्वभावात फार फरक असतो.

आपल्या डोळ्यांसमोर येतं ते एका दांड्याचं, एकाच मोठ्या फुलाचं. कृषी सेवा केंद्रात मिळणारी तेलबियांची वाणं बहुतेक याच घाटाची, पाच-सहा फुटांची. 'मॅमथ' नावाने विकलं जाणारं तर जमिनीत आठ-दहा फूटही जातं. बी स्वस्त पडतं, फक्त त्याला औषध लावलेलं असतं, म्हणून उरलेलं तोंडात टाकू नका. सोटमूळ खोल जात असल्याने अंगण असेल तर याला तोड नाही. कुंडीत मात्र ताटाएवढ्या फुलाची आशा धरावी आणि बशीएवढं हाती यावं, असं होतं.

मी बारा इंची कुंडीत गच्चीवर हा हट्ट करून पाहिला. काठी लावली होती, पण सुतळी एकाच जागी, फुलाच्या जरा खाली आवळली होती. मे महिन्यात वळीव आला तेव्हा काठी शाबूत राहिली आणि झाड बरोबर त्या गाठीवर मोडलं. आता मी दोन-तीन ठिकाणी, सैल, आठाच्या आकड्यासारखी गाठ मारते. शिवाय एवढं करून फुलाचा खरा दिमाख आठ-दहा दिवसांचा. नंतर पाकळ्या झडतात आणि मान खाली जाते.

बी हवी असेल तर मात्र हेच लावा, आणि एकटंदुकटं नको, पाच-सहा झाडं जवळजवळ. गच्चीवर मधमाशा कमी फिरकत असतील तर सकाळी सात ते अकराच्या दरम्यान तलम फडकं हाताला गुंडाळून एका फुलावरून दुसऱ्या फुलावर हळुवार फिरवायचं. नाहीतर मधल्या बिया पोचट निघतात. फुलाची पाठ हिरव्याची पिवळी व्हायला लागली की कांद्याची जाळीदार पिशवी चढवा. पोपटाला आपल्याआधी कळतं. तो वरून येऊन उलटा लटकतो, कडेपासून एकेक बी सोलतो आणि टरफलं खाली कुंडीत टाकून जातो.

बुटक्या जातींचं गणित वेगळं. 'सनस्पॉट', 'टेडी बेअर' वगैरे दीड-दोन फुटांवर थांबतात, दहा-बारा इंची कुंडीत सुखाने राहतात, दोन महिन्यांच्या आसपास फुलतात, काठी लागत नाही. भाड्याच्या घरात, गॅलरीत राहणाऱ्याला हेच बरं. पण 'टेडी बेअर'बद्दल माझी तक्रार आहे: इतका भरगच्च की लांबून झेंडूच वाटतो. मग झेंडूच का लावू नये? मी 'सनस्पॉट' घेईन. त्याचा चेहरा तरी सूर्यफुलाचा असतो.

फांद्या फुटणाऱ्या जातींकडे लोक सहसा वळत नाहीत, आणि मला त्याच सगळ्यात आवडतात. 'ऑटम ब्यूटी' घ्या: पिवळी, तांबूस, मरून फुलं, आकाराने लहान, पण एक खुडलं की बगलेतून पुढचं येतं. बहर महिनाभर तरी पुरतो. चार-पाच पानजोड्या झाल्यावर शेंडा खुडला तर फांद्या आणखी वाढतात. एका दांड्याच्या जातीवर हा प्रयोग करू नका, मोठं फूल हातचं जाईल. जागा मात्र भरपूर लागते, एका झाडाला अडीच-तीन फूट. फुलदाणीसाठी परागरहित संकरित बीही मिळतं. टेबलक्लॉथवर पिवळा सडा पडत नाही, पण आसपास दुसरी सूर्यफुलं नसतील तर त्यातून बी धरेल अशी आशा ठेवू नका.

काही गोष्टी सगळ्यांना सारख्याच. रोप उपटून दुसरीकडे लावलं की सोटमूळ दुखावतं, म्हणून बी जागच्या जागी, इंचभर खोल टोचा. कोंब वर आले की कबुतरं ते उपटतात, तेव्हा आठवडाभर तळ कापलेली प्लॅस्टिकची बाटली पालथी घाला. ऊन सहा तासांपेक्षा कमी असेल तर तिन्ही विसरा. युरियाचा हात आवरा, नाहीतर पानं माजतात आणि दांडा लेचापेचा होतो. पेरणी वर्षभर होते, पण संततधार पावसात फूल सडतं, मधमाशाही बाहेर पडत नाहीत. माझी पसंती ऑक्टोबर-नोव्हेंबरला.

आणि निवडण्याआधी गॅलरीचं तोंड कुठे आहे ते बघा. कोवळी कळी दिवसभर सूर्यामागे वळते, पण पूर्ण उमललेलं फूल पूर्वेकडे तोंड करून थिजतं. आमची गॅलरी पूर्वेची. समोरच्या इमारतीतल्या काकू रोज सकाळी फुलांचं कौतुक करायच्या आणि आम्ही चहा घेताना हिरव्या पाठी बघायचो. उंच झाड कठड्याला बांधलेलं, त्याला काही करता येत नव्हतं. बुटक्याची कुंडी मात्र, फूल पक्कं उमलल्यावर, मी उचलून घराकडे फिरवली. ते तसंच राहिलं.