‘काका, आज वार कोणता?’ : सांगली स्टँडमागचं मोबाइल दुरुस्तीचं दुकान

सांगलीत एसटी स्टँडच्या मागच्या गल्लीत झेरॉक्सवाल्याला लागून एक टपरीएवढं दुकान आहे. पाटीवर नाव नाही, नुसतं ‘मोबाइल रिपेअरिंग’ एवढंच लिहिलंय. आत एकच माणूस बसतो. तिशीच्या आतला पोरगा, पण हात आणि डोकं दोन्ही शांत. माझ्या फोनचं घड्याळ त्यानं जसं दुरुस्त केलं, ते सविस्तर लिहायलाच हवं असं मला वाटतं. कारण माझ्यासारखे पहाटेच्या गजरावर पोट असलेले लोक या शहरात पुष्कळ आहेत.

मी पेपर एजंट. अठ्ठावीस वर्षं पेपरच्या लाइनी चालवतोय. चारच्या सुमाराला गठ्ठ्यांची गाडी येते. पुरवण्या भरायच्या, सहा पोरांना आपापले अंक मोजून द्यायचे आणि साडेपाचला सायकली सुटायला हव्यात. सोमवार ते शनिवार माझा गजर ३:२० चा. रविवारी पुरवण्यांचं काम दुप्पट, म्हणून त्या दिवशी २:५० चा. वडिलांच्या काळी चावीचं एचएमटी उशाशी असायचं, रेडिओवर बातम्या लागल्या की ते काटा जुळवून घ्यायचे. मी सगळा भार फोनवर टाकला होता.

१७ जून २०२५ ची रात्र. धो धो पाऊस, संध्याकाळपासून वीज नाही. फोनची बॅटरी आधीच दमलेली, झोपायच्या आधीच तो बंद पडला. मध्यरात्रीनंतर कधीतरी लाइट आली तशी मी दचकून उठलो, फोन चार्जरला लावला आणि चालू केला. पडद्यावर ५:३४. पायाखालची जमीन सरकली. गाडी येऊन गेली असणार, गठ्ठे पावसात पडले असणार. सहाही पोरांना फोन केले, ‘असाल तसे या’ म्हणालो, आणि रेनकोट चढवून गाडीला किक मारली. स्टँडवर काळोख, चिटपाखरू नाही. रखवालदाराला विचारलं तेव्हा कळलं, पावणेदोन वाजलेत. मागून पोरं येत होती. त्यातला एक बारावीला आहे, रात्री अकरापर्यंत अभ्यास करून झोपलेला. डोक्यावर प्लास्टिकची पिशवी धरून भिजत आला बिचारा. मला फार वाईट वाटलं, आजही वाटतं.

त्याच सकाळी मी हातानं घड्याळ लावलं. वेळ नीट केली, १ जानेवारी दिसत होतं तिथं १८ जून केलं. झालं काम असं समजलो. पण व्हॉट्सअ‍ॅप म्हणे, फोनची तारीख चुकीची आहे, दुरुस्त करा. मी वर बघतो तर १८ जून, बरोबरच. बँकेचं अ‍ॅप उघडेना. कुठलीही वेबसाइट लावली की ‘कनेक्शन सुरक्षित नाही’. महिन्याची बिलं यूपीआयवर घेतो मी, तीही अडली. दुसऱ्या दिवशी एका मोठ्या दुकानात फोन दाखवला. काउंटरवरच्या माणसानं तो हातातसुद्धा नीट घेतला नाही. ‘बोर्ड गेलाय, बावीसशे लागतील, त्यापेक्षा नवीन घ्या,’ एवढंच बोलून पुढच्या गिऱ्हाइकाकडे वळला. मी परत आलो.

मग आणखी विचित्र गोष्ट घडली. शनिवारी गजर २:५० ला वाजला. आणि रविवारी, जेव्हा तो खरा लवकर वाजायला हवा होता, तेव्हा ३:२० ला. पुरवण्यांच्या दिवशी अर्धा तास गेला म्हणजे काय होतं ते लाइन टाकणाऱ्यालाच विचारा. शेवटच्या घरात पेपर आठला पोहोचला, तीन गिऱ्हाइकांनी तोंडावर सुनावलं.

सोमवारी, २३ जूनला, झेरॉक्सवाल्यानं या शेजारच्या पोराकडे पाठवलं. मी सगळं सांगितलं. तो मध्ये एक शब्द बोलला नाही. फोन घेतला, बटण दाबून पडदा जागा केला, कुलूपही न उघडता दोन क्षण बघत राहिला आणि म्हणाला, “काका, आज वार कोणता?”

“सोमवार.”

“तुमचा फोन मंगळवार म्हणतोय.”

तारखेकडे मी दहा वेळा बघितलं होतं, वाराकडे एकदाही नाही. त्यानं तारीख आणि वेळेची सेटिंग उघडली, कॅलेंडर काढलं आणि त्याच्या डोक्यावर बारीक अक्षरात लिहिलेल्या आकड्यावर नख टेकवलं. १९७०. दिवस आणि महिना मी लावला होता, सालाला हातच लावला नव्हता, आणि पडद्यावर साल दिसतच नाही. १९७० साली २३ जूनला मंगळवार होता, म्हणून फोन वाराच्या बाबतीत एक दिवस पुढं पळत होता. शनिवारचा रविवार झाला तो असा.

साडेपाचचं कोडंही त्यानंच सोडवलं. या फोनांच्या आत वेळ म्हणजे सेकंदांची मोजणी असते आणि ती १ जानेवारी १९७० पासून सुरू होते, ग्रीनिचच्या मध्यरात्रीपासून. भारताची वेळ साडेपाच तास पुढं. त्यामुळे बॅटरी पार निकामी होऊन फोनच्या आतलं छोटं घड्याळ थांबलं की माझ्यासारख्या जुन्या फोनवर पहाटेचे साडेपाचच दिसतात. नव्या फोनांत बहुधा वेगळी तारीख दिसते, असंही तो म्हणाला. त्या रात्री मला दिसलेले ५:३४ म्हणजे फोन चालू करून चार मिनिटं झाली, एवढाच अर्थ होता.

बँकेचं अ‍ॅप का अडलं, हे मी विचारल्यावर त्यानं माझ्या काखेतला अंक बघितला. “काका, प्रत्येक वेबसाइटला एक दाखला असतो, या तारखेपासून त्या तारखेपर्यंत चालेल असा. तुमचा फोन १९७० मध्ये बसलाय, त्याला तो दाखला पुढच्या काळातला वाटतो. तुमच्या गिऱ्हाइकाला पन्नास वर्षांनंतरची तारीख छापलेला अंक दिला तर तो घेईल का?” इतकं साधं मला आजवर कुणी समजावलं नव्हतं.

मुख्य प्रश्न मात्र राहिला होता. एरवी बॅटरी संपली तरी फोन स्वतःच वेळ लावून घेतो, या वेळी का नाही? त्याच सेटिंगमध्ये सगळ्यात वर ‘आपोआप’चं बटण असतं, ते बंद होतं. “घरात लहान पोरं आहेत का?” मला लगेच उमगलं. मे महिन्याच्या सुट्टीत भाच्याचा मुलगा आला होता, दिवसभर माझ्या फोनवर गेम. गेममधले जीव संपले की पोरं तारीख एक दिवस पुढं ढकलतात, जीव परत मिळतात, मग तारीख मागं आणतात. त्यासाठी आपोआपचं बटण बंद करावं लागतं आणि ते पुन्हा चालू करायचं राहून जातं. पोरावर मी रागावलो नाही, पण फोनवर बोलून समजावून सांगितलं.

त्यानं बटण चालू केलं, विमान मोड लावला, पाच सेकंदांनी काढला. टॉवरच्या काड्या भरल्या आणि माझ्या डोळ्यांदेखत मंगळवारचा सोमवार झाला, साल २०२५. फोनला वेळ दोन वाटांनी मिळते: सिमकार्डच्या टॉवरकडून आणि इंटरनेटवरच्या वेळेच्या सर्व्हरकडून. प्रत्येक कंपनीचा टॉवर वेळ पाठवेलच असं नसतं, म्हणून आपोआप लागली नाही तर एकदा नेट चालू करून बघायचं. खाली टाइम झोनमध्ये ‘कोलकाता’ लिहिलेलं बघून मी म्हटलं, हे चुकलंय, आपण सांगलीत. तो म्हणाला, तेच बरोबर. सगळ्या देशाची वेळ एकच, यादीत फक्त त्या शहराचं नाव घातलंय. तिथं हात लावून लोक काठमांडू निवडतात आणि पंधरा मिनिटं पुढं जातात. (मुंबईला स्वतःची वेगळी वेळ होती, भारतीय वेळेच्या ३९ मिनिटं मागं, हे मला माहीत होतं. आजोबा ‘बॉम्बे टाइम’ म्हणायचे. ते मी त्याला सांगितलं, त्याला ते नवीन होतं.)

इथवर दहा मिनिटं झाली होती. दुसरा कुणी असता तर पैसे घेऊन मोकळा झाला असता. यानं स्वतःहून विचारलं, गजर कोणत्या अ‍ॅपचा? मी काकड आरतीचा सूर मिळतो म्हणून एक वेगळं अ‍ॅप घेतलं होतं. त्यानं बॅटरीची सेटिंग उघडून दाखवलं: चार्ज वाचवण्यासाठी फोन अशी अ‍ॅप रात्री गुपचूप बंद करतो. एखाद्या रात्री गजर वाजलाच नाही तर त्याचं कारण हे. ते अ‍ॅप काढलं, फोनच्या मूळ घड्याळातच गजर लावले आणि आरतीची फाइल तिथंच सूर म्हणून जोडून दिली. रिंगचा आवाज वेगळा आणि गजराचा आवाज वेगळा असतो, तोही पट्टी सरकवून पूर्ण केला. बारा तासांचं घड्याळ चोवीस तासांचं केलं, म्हणजे पहाटेच्या ३:२० ऐवजी दुपारचे ३:२० लागण्याची भीतीच नको. मग दोन मिनिटं पुढचा गजर लावला, फोनला कुलूप घातलं, पालथा ठेवला आणि दुसऱ्या फोनचा स्क्रू काढायला घेतला. दोन मिनिटांनी त्या टपरीत आरती घुमली. मान वर न करता तो म्हणाला, “हं, आता जावा.”

बॅटरी बदलून घ्या, हा सल्ला त्यानं दिला, पण आग्रह केला नाही. मी तिथंच बदलून घेतली, ७०० रुपये. काढलेली जुनी बॅटरी त्यानं काउंटरवर ठेवून बोटानं फिरवून दाखवली. मध्यभागी फुगलेली, भोवऱ्यासारखी गरगरली. सेटिंगचे पैसे किती विचारलं, तर त्याचे काही नाहीत म्हणाला. मी पन्नास रुपये ठेवले, ते त्यानं परत दिले. दुसऱ्या दिवसापासून मी त्याच्या दुकानात एक अंक टाकतो, त्याला तो नाही म्हणाला नाही.

उणं काय ते सांगतो. बॅटरीची पावती त्यानं दिली नाही. सहा महिने चालेल असं तोंडी सांगितलं, पण कागदावर लिहून द्यायला हवं, हे मी त्याला सांगितलंय. बसायला जागा नाही, पावसात गिऱ्हाइकानं झेरॉक्सवाल्याच्या पत्र्याखाली उभं राहायचं. आणि गर्दी असली की तो फोन ठेवून जा म्हणतो. मी ठेवणार नाही, तुम्हीही उभं राहून समोर करून घ्या, म्हणजे काय बदललं ते आपल्यालाही कळतं.

त्यानंतर गजर एकदाही चुकलेला नाही. १६ ऑगस्टला अंक नसतो, तेव्हा आदल्या रात्री मीच तो बंद केला. बारावीतल्या त्या पोराचा फोनही गेल्या महिन्यात तिथंच नेला, त्याचं चार्जिंगचं पिन १५० रुपयांत झालं.

दुकान सकाळी साडेदहाला उघडतं, दुपारी दीड ते चार बंद. गुरुवारी सुट्टी.